कोच म्हणजे नापास खेळाडू नव्हे

पॅट्रिक मुराटोग्लू हे नाव आपल्याकडे टेनिस बघणाऱ्यांनाच ठाऊक. सेरेना विल्यम्सचा माजी कोच. हा फ्रेंच माणूस ज्युनियर गटात चांगला खेळायचा. पंधरा-सोळाव्या वर्षी आईवडिलांनी सांगितलं, बास झालं, आता शिक. खेळ सुटला. यात आपल्याला नवीन काही वाटणार नाही, दहावी आली की आपल्याकडे घरोघरी हेच होतं.

पुढचं मात्र आपल्याकडे होत नाही. काही वर्षं वडिलांच्या कंपनीत काढून १९९६ साली, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, त्याने टेनिस अकादमी काढली. सोबत घेतला बॉब ब्रेट, बोरिस बेकरचा माजी कोच. वडील गडगंज उद्योगपती होते हेही सांगून टाकतो, नाहीतर कमेंटमध्ये तुम्ही सांगणारच. पण पैशाने कोर्ट बांधता येतं, खेळाडू नाही. सायप्रसचा मार्कोस बगदातिस याच अकादमीत घडला आणि २००६ ला ऑस्ट्रेलियन ओपनच्या फायनलला पोचला. २०१२ ला सेरेना फ्रेंच ओपनच्या पहिल्याच फेरीत हरली, असं तिचं कुठल्याच ग्रँड स्लॅममध्ये झालं नव्हतं. त्यानंतर ती याच्याकडे आली. महिन्याभरात विम्बल्डन जिंकली आणि २०१७ पर्यंत तेराची तेवीस विजेतेपदं केली.

मला हा माणूस फार आवडतो असं नाही. २०१८ च्या यूएस ओपन फायनलमध्ये प्रेक्षकांतून खुणा केल्या, पंचांनी ताकीद सेरेनाला दिली, आणि मॅच संपल्यावर यानेच कबूल केलं की हो, केल्या खुणा. असो.

सांगायचंय ते वेगळंच. हा माणूस आपल्या तालुक्यात असता तर पहिला प्रश्न आला असता, "तू स्वतः कुठवर खेळलास?" उत्तर, ज्युनियरपर्यंत. मग बस बाजूला.

आपल्याकडे पदकवाल्याला सरकारी नोकरीत पाच टक्के आरक्षण आहे, ते असायलाच हवं. पण राज्य स्पर्धेत दुसऱ्या-तिसऱ्या फेरीत हरलेली, खेळ नीट समजलेली पोरं जातात कुठे? मागे एका तालुका क्रीडा संकुलात गेलो होतो. टेनिस कोर्टला भेगा, नेट फाटलेलं, आणि कोर्टावर एक ताई स्कूटी शिकत होत्या. तिथला एक पोरगा राज्य पातळीवर खेळलेला. पहाटे दोन तास पोरांना शिकवतो, दिवसभर विमा विकतो. पतियाळाला जाऊन एनआयएसचा डिप्लोमा करायचं त्याच्या मनात आहे. पण तेवढे महिने घर कोण चालवणार? आणि परत आल्यावर तरी काय, मानधनच. तेही कधी येईल त्याचा नेम नाही.

इमारतीला निधी मिळतो, कारण इमारतीचं उद्घाटन होतं, फीत कापता येते. कोचच्या पगाराची फीत कशी कापणार?

त्या संकुलाच्या खर्चात कोचच्या मानधनाला किती आणि रंगरंगोटी, कमानीला किती, हे विचारणारा माहिती अधिकाराचा अर्ज मी टाकलाय. उत्तर आलं की इथेच टाकतो. तुमच्या तालुक्यातही कुणीतरी टाका राव.