परप्रत्यय आणि ‘सिनेमाया’

महोत्सव गांवोगांव होऊं लागले, देशोदेशींचे चित्रपट घरबसल्या दिसूं लागले; आतां चित्रपटावरील गंभीर नियतकालिकाची गरज काय, असें आमच्यांतील सुशिक्षित विचारूं लागले आहेत. हें मत जितकें सोयीचें तितकेंच घातक आहे, हें दाखविण्यास ‘सिनेमाया’ या त्रैमासिकाचा इतिहास पुरेसा आहे.

१९८८ सालीं अरुणा वासुदेव यांनीं दिल्लीहून हें इंग्रजी त्रैमासिक सुरू केलें. त्याचा विषय एकच : आशियाचा चित्रपट. तोंवरची स्थिति काय होती? जपानच्या कुरोसावाची कीर्ति जगभर पसरली ती १९५१ सालीं व्हेनिसनें ‘राशोमोन’ला सर्वोच्च पारितोषिक दिल्यानंतर. ‘पथेर पांचाली’वर १९५६ सालीं कान येथें मोहोर उठली. शेजाऱ्याची ओळख परक्यानें करून द्यावी, असा हा व्यवहार ! आम्हां मराठी लोकांस त्यावर हंसण्याचा अधिकार नाहीं. ‘संत तुकाराम’ (१९३६) या चित्रपटाची थोरवी सांगतांना, १९३७ सालीं व्हेनिस येथें झालेल्या त्याच्या गौरवाचा दाखला दिल्यावांचून आमचें वाक्य पुरें होत नाहीं.

हा परप्रत्यय मोडण्याचा यत्न ‘सिनेमाया’नें केला. आशियाई चित्रपटाची चर्चा आशियांतून व्हावी, हा त्याचा आग्रह. त्याच खटपटींतून १९९० सालीं ‘नेटपॅक’ ही आशियाई चित्रपटाच्या प्रसाराची संस्था निघाली. १९९९ सालीं दिल्लींत ‘सिनेफॅन’ महोत्सव सुरू झाला. हा क्रम ध्यानांत ठेवण्याजोगा आहे. आधीं लेखन, मग संस्था, मग उत्सव. महोत्सवामुळें नियतकालिक निरुपयोगी होतें म्हणणाऱ्यांनीं येथें महोत्सवच नियतकालिकाच्या पोटीं जन्मला, हें पाहावें. २००४ सालीं महोत्सव ‘ओसियान्स’ या कलाव्यवहारांतील संस्थेकडे गेला. त्याचा थाट वाढला. पण आज तो महोत्सवहि नाहीं आणि तें त्रैमासिकहि नाहीं. वासुदेव यांचें २०२४ सालीं निधन झालें. मंडप उतरला कीं उत्सवाची आठवण तेवढी उरते. छापलेला अंक मात्र वीस वर्षांनींहि उघडतां येतो, त्यांतील मत खोडतां येतें. चित्रपट दिसणें वेगळें आणि त्याविषयीं मत बनणें वेगळें. मत बनतें तें लिहिल्यानें, वाद घातल्यानें, उत्तर दिल्यानें.

कोणी म्हणतील, इंग्रजी त्रैमासिकाचें मराठीला काय सोयरसुतक? तेहरान, टोकियो आणि दिल्ली यांस परस्परांशीं बोलण्यास दुसरी भाषा कोणती होती? तें संभाषण मराठींत आणण्याचें काम आमचें होतें. पण सामान्य कादंबरीस चार पानें देणारीं आमचीं वाङ्मयीन मासिकें चित्रपटास बहुधा एखादा मृत्युलेख देतात. सन्मान्य अपवाद आहेत. पण अपवादांवर परंपरा उभी राहत नाहीं.

म्हणून आमचें मागणें साधें आहे. महाविद्यालयांच्या ग्रंथालयांनीं अशा नियतकालिकांचे जुने अंक मिळवून जतन करावेत, आणि वाङ्मयीन मासिकांनीं चित्रपट-समीक्षेस ग्रंथसमीक्षेच्या पंक्तीस बसवावें. तें होत नाहीं तोंवर आमच्या तुकारामाचें मोल आम्हांस व्हेनिसलाच विचारीत बसावें लागेल.