‘भात झालं की देतो’ : ही नोंद कुठे?

किकवीतून पुणे–सातारा महामार्ग रात्रंदिवस वाहतो. एका अंगाला कापूरहोळचा भोरफाटा, दुसरीकडे नीरा ओलांडली की शिरवळ. अशा गावातल्या हार्डवेअरच्या दुकानात दोन तऱ्हेची गिऱ्हाइकं येतात. वाटसरू क्यूआर कोड स्कॅन करून पुढे निघतो. गावातला माणूस सिमेंटच्या दहा गोण्या उचलतो आणि म्हणतो, “अण्णा, भात झालं की देतो.” पहिल्याचे पैसे लगेच बँकेत दिसतात. दुसऱ्याचं नाव लाल वहीत चढतं, आणि दुकानाचं भांडवल त्या वहीतच अडकून पडतं.

हिशेबाचं सॉफ्टवेअर घेताना मात्र विचार होतो तो फक्त विवरणपत्राचा. कर सल्लागार सुचवेल ते घ्यायचं, त्याच्याच कार्यालयात चालवायचं आणि महिन्याची बिलं पिशवीत भरून तिकडे पोचवायची. मग संगणकात कराचा हिशेब राहतो आणि वहीत धंद्याचा. या सदराचं म्हणणं असं, की लाल वहीची गरज संपवेल तेच सॉफ्टवेअर घ्यावं.

कारण जीएसटी उधारीसाठी थांबत नाही. बिल फाडलं की त्या काळाच्या विवरणपत्रात कर भरावा लागतो; गिऱ्हाइकाचे पैसे दिवाळीनंतर आले तरी. म्हणजे दुकानदार दुसऱ्याचा कर स्वतःच्या खिशातून भरतो. कोणाकडे किती आणि किती दिवसांपासून थकलंय, हे रोज संध्याकाळी गल्ल्यावर दिसलं नाही, तर बाकीच्या शंभर सोयी असून काय उपयोग?

टॅलीचा जन्मही धंदेवाल्याच्याच गरजेतून झाला. गिरण्यांना माल पुरवणाऱ्या श्यामसुंदर गोयंका यांना आपला हिशेब सांभाळेल असं सॉफ्टवेअर मिळेना. मुलगा भरत यांनी ते लिहिलं आणि १९८६ मध्ये बापलेकांनी कंपनी काढली. आज टॅली जाणणारा माणूस तालुक्याच्या गावी सहज सापडतो. अडलं तर कोण येणार, हा प्रश्न त्यामुळे सुटतो. म्हणून किमतीइतकंच याही गोष्टीला वजन द्यावं. बिलं आणि उधारी एवढंच काम असेल, तर मोबाइलवरचं साधं अ‍ॅपही पुरतं.

दुसरी परीक्षा कराच्या दरांची. २२ सप्टेंबर २०२५ ला सिमेंटवरचा जीएसटी २८ वरून १८ टक्क्यांवर आला. पण २१ तारखेला विकलेली गोणी नंतर परत आली, तर तिची नोंद २८ टक्क्यांनीच उलटवावी लागते. जुना दर पुसून नवा लिहिणारं सॉफ्टवेअर इथे फसतं. तारखेनुसार दोन्ही दर लक्षात ठेवणारं हवं. शेजारच्या किराणा दुकानाची तऱ्हा वेगळी. तिथला इंद्रायणी तांदूळ पोत्यातून सुट्टा मोजला तर कर नाही. तोच लेबल लावलेल्या पाच किलोच्या पिशवीत गेला, की १८ जुलै २०२२ पासून ५ टक्के. एकाच मालाच्या दोन नोंदी सहज ठेवता येतात का, हे विकणाऱ्याला समोर करून दाखवायला लावावं.

आणखी एक प्रश्न पैसे देण्याआधीच विचारायचा : वर्गणी बंद केली तर माझ्या नोंदींचं काय? जीएसटी कायद्यानुसार वार्षिक विवरणपत्राच्या अंतिम तारखेपासून ७२ महिने हिशेब जपावा लागतो. अ‍ॅप बदललं, कंपनी बंद पडली, मोबाइल नीरेत पडला, तरी ही जबाबदारी दुकानदाराचीच. सगळी खाती एक्सेलमध्ये उतरवून मिळत नसतील, तर फुकट मिळालेलं सॉफ्टवेअरही पुढे महागात पडतं. पावसाळ्यात रेंज गेल्यावर बिल निघतं का, तेही नेट बंद करून पाहावं.

विकणाऱ्याच्या नमुना-बिलांवर निर्णय घेऊ नये. आपल्या दुकानातली मागच्या आठवड्याची वीस बिलं घ्यावीत : दोन उधारीची, एक परत आलेल्या मालाचं, एक अर्धं रोख आणि अर्धं ऑनलाइन. दुपारी गल्ल्यावर जी व्यक्ती बसते, मग ती वहिनी असो की कॉलेजातून आलेला मुलगा, तिनेच ती भरावीत. जमलं तर १ एप्रिलपासून बदल करावा, म्हणजे नवी खाती वर्षाच्या आरंभीच्या शिलकेने उघडतात. त्याआधी मार्चभर वही आणि सॉफ्टवेअर दोन्ही चालवावीत, आणि ३१ मार्चच्या रात्री शटर ओढण्यापूर्वी दोन्हींतली उधारीची बेरीज रुपयापर्यंत जुळवून पाहावी.