मक्केच्या वाटेवरचे बाप-लेक

पडद्यावर मुसलमान पात्र आलं की मला आधी धास्ती वाटते. आता बॉम्ब निघणार, नाहीतर तलाक. इस्माईल फेरूखी या मोरोक्कन वंशाच्या दिग्दर्शकाचा ‘ल ग्राँ व्हॉयाज’ (२००४) हा फ्रेंच चित्रपट पाहताना मात्र ही धास्ती हळूहळू गळून पडली.

गोष्ट साधी आहे. फ्रान्समध्ये आयुष्य घालवलेल्या म्हाताऱ्या बापाला हजला जायचंय, तेही मोटारीने. थोरल्या मुलाला गाडी चालवणं शक्य नाही, म्हणून परीक्षा तोंडावर आलेल्या धाकट्या रेदाला स्टिअरिंग धरावं लागतं. इटली, बाल्कन देश, तुर्कस्तान, सीरिया, जॉर्डन असं करत दोघं भांडत भांडत मक्केला पोचतात.

बाप अरबीत बोलतो, मुलगा फ्रेंचमध्ये उत्तर देतो. शब्द दोघांनाही कळतात, माणूस कळत नाही. पोटासाठी परदेशी आलेल्या बापाने मुलाला शिकवलं आणि त्या शिक्षणानेच मुलगा लांब गेला. घरात दखनी किंवा कोकणी बोलणारे अब्बा आणि इंग्रजी शाळेतला मुलगा असलेल्या आपल्या घरांना हे नवीन नाही.

दिग्दर्शक बापाचीही बाजू घेत नाही. मुलाच्या परीक्षेचं काय, हे तो विचारत नाही. त्याचा मोबाईल सरळ कचऱ्यात टाकतो. पुढे पैशांची चणचण असताना बाप एका भिकारणीला पैसे देतो. रेदा ते हिसकावून घेतो आणि थप्पड खातो. मक्केत बापाचा इंतकाल होतो. परतताना रेदा स्वतः एका भिकारणीच्या हातावर पैसे ठेवतो. तो नमाजी झाला का, हे चित्रपट सांगत नाही. त्याला बाप कळला, एवढं दिसतं.

याच २००४ साली फ्रान्सने सरकारी शाळांत हिजाबसह ठळक धार्मिक चिन्हांवर बंदी घालणारा कायदा केला. मुसलमान म्हणजे एक ‘प्रश्न’ अशी चर्चा रंगली असताना या चित्रपटाने एक हट्टी, थकलेला बाप दाखवला. आपली बाजू मांडणाऱ्या दहा भाषणांपेक्षा मला हे मोलाचं वाटतं.

मुंबईहून हजची जहाजं १९९५ पर्यंत जात. त्या प्रवासात दिवसच्या दिवस सोबत काढावे लागत. आता विमानाने काही तासांत जेद्दा गाठता येतं. प्रवासाचा वेळ वाचला, पण अब्बांशी बोलायचं राहिलंच असेल, तर त्यासाठी मक्केपर्यंत थांबू नये.