चव्हाट्यावर कोणी आणले?

लहानपणी धर्मगुरूंकडून अत्याचार सोसलेली माणसे प्रौढपणी उघड बोलू लागली की आपल्याकडे एक प्रश्न हमखास कानी येतो : 'घरातली गोष्ट चव्हाट्यावर आणायची काय गरज होती?' विचारणारी मंडळी बहुधा श्रद्धाळू असतात, ख्रिस्तसभेवर त्यांचे प्रेम असते. तरीही हा आक्षेप आम्हांला मुळीच मान्य नाही.

चिली देशात काय घडले ते पाहा. हुआन कार्लोस क्रूझ, जेम्स हॅमिल्टन आणि होसे आंद्रेस मुरिल्यो ह्या तिघांनी फेर्नांदो कारादिमा ह्या सांतियागोच्या वजनदार धर्मगुरूविरुद्ध २०१० साली जाहीरपणे तोंड उघडले. पण त्याआधीच तक्रारी गेल्या होत्या त्या ख्रिस्तसभेच्याच दारी, आणि त्या कित्येक वर्षे तशाच पडून राहिल्या. म्हणजे घरातली गोष्ट घरात सांगून झाली होती; घरानेच कान बंद केले होते. गवगवा झाल्यानंतर, २०११ साली, व्हॅटिकनने कारादिमांना दोषी ठरविले. देशाच्या न्यायालयात मात्र मुदतीचा कायदा आड आला.

पुढची हकीकत अधिक बोलकी आहे. कारादिमांच्या वर्तुळातील बिशप हुआन बारोस ह्यांना २०१५ साली ओसोर्नो धर्मप्रांत देण्यात आला. त्यांनी अत्याचार डोळ्यांनी पाहिले होते, असे पीडितांचे म्हणणे. बारोस ते नाकारीत राहिले. जानेवारी २०१८ मध्ये खुद्द पोप फ्रान्सिस ह्यांनी ह्या आरोपांना निंदानालस्ती म्हटले. पीडित तरीही गप्प बसले नाहीत. तेव्हा पोपमहोदयांनी आर्चबिशप शिक्लुना ह्यांना चौकशीस धाडले, आणि एप्रिलमध्ये आपल्या हातून गंभीर चुका झाल्याचे पत्राने कबूल करून तिघांना रोमला बोलाविले. मे महिन्यात चिलीच्या बिशपांनी एकमुखाने राजीनामे पुढे केले. क्रूझ ह्यांना २०२१ साली बालसंरक्षणाच्या पोपनियुक्त आयोगावर घेण्यात आले. ज्यांच्या बोलण्याला निंदा म्हटले गेले, त्यांतलाच एक सल्लागार झाला! हे ख्रिस्तसभेचे शत्रू म्हणायचे काय?

यरीहोच्या वाटेवर आंधळ्या बार्तीमयाला गप्प बसविणारे लोक येशूच्याच मागून चालत होते, हे आपण विसरतो. तो अधिकच मोठ्याने ओरडला, आणि प्रभू थांबला.

२०१९ च्या पोपच्या फर्मानाने तक्रार करणाऱ्यावर मौनाची अट लादण्यास मनाई केली. त्याच वर्षी डिसेंबरात अशा खटल्यांवरील पोपप्रणीत गुप्ततेचा पडदाही दूर झाला. हे नियम कोणाच्या औदार्यातून आपसूक उगवलेले नाहीत. ज्यांना गप्प बसा म्हटले गेले, त्यांच्या बोलण्याची ती किंमत आहे.

आणि 'आपल्याकडे असले काही नसते' असे म्हणून पान उलटणाऱ्यांसाठी थोडेसे. २०१२ च्या पोक्सो कायद्याच्या १९ व्या कलमानुसार बालकावरील लैंगिक अत्याचाराची माहिती असणाऱ्या प्रत्येकाने ती पोलिसांना कळविणे बंधनकारक आहे. न कळविणे हा गुन्हा आहे. 'फादरांच्या कानावर घातले, आता ते बघतील' एवढ्याने हे कर्तव्य संपत नाही. आणि ज्यांच्या कानावर घातले त्या फादरांचेही नाही.