फाडून टाकलेले पत्र

जपानी भाषेत ‘मेशी’ म्हणजे भात, जेवण. याच नावाचा मिकिओ नारुसे यांचा चित्रपट १९५१ साली प्रदर्शित झाला. त्याची नायिका मिचियो ही ओसाका शहरातील एक साधी गृहिणी. तिचा पती शेअर दलालाच्या पेढीत नोकरीस आहे. तो दुष्ट नाही, मारझोड करीत नाही. मात्र घरी आला की भूक लागल्याचे सांगतो आणि वर्तमानपत्रात डोके घालतो. मिचियोचे दुःख एवढेच आहे, आणि म्हणूनच ते कोणाला सांगता येत नाही.

अशातच पतीची तरुण पुतणी टोकियोहून न सांगता येऊन राहते. एके दिवशी मिचियो मैत्रिणींच्या भेटीहून परतते, तो चूल थंडच! घरात दोन माणसे असूनही स्वयंपाकासाठी तिचीच वाट पाहिली जाते. अखेर पुतणीला पोहोचविण्याच्या निमित्ताने ती टोकियोस माहेरी जाते आणि तेथेच राहते. नोकरीचा विचार करते. परंतु युद्धोत्तर टोकियोत एकट्या स्त्रीला काम मिळणे सोपे नसते. पुढे पती टोकियोस येतो. परतीच्या गाडीत तो शेजारी झोपी जातो आणि त्याला लिहिलेले, पण न पाठविलेले पत्र मिचियो फाडून खिडकीबाहेर सोडून देते.

हा चित्रपट फुमिको हायाशी यांच्या कादंबरीवर आधारलेला आहे. ती अपुरी असतानाच त्याच वर्षी लेखिकेचे निधन झाले. मिचियो घरी परतली, हा शेवट चित्रपटाचा आहे.

हे परतणे म्हणजे समजूतदारपणा की निरुपाय? अनेकांताचा संस्कार असलेल्या वाचकाला दोन्ही बाजू दिसतील. पतीलाही नोकरीचा शीण आहे, संसारावर त्याची माया आहे. मात्र पत्रात काय होते, हे त्याला कधीच कळले नाही, ही उणीव उरतेच.

आपण व्यापारी माणसे. पैशापैशाची नोंद ठेवतो, दिवाळीला वहीपूजन करतो. परंतु सूर्यास्तापूर्वी सर्वांची ताटे वाढणाऱ्या गृहिणीचे श्रम कोणत्या खतावणीत लिहिले जातात? तिला दागिना देणे सोपे आहे. पेढीवरून घरी आल्यावर ‘आज तुझा दिवस कसा गेला?’ असे विचारून उत्तर पूर्ण ऐकून घेणे मात्र अनेकांना जमत नाही. तेवढे जमले, तर कित्येक पत्रे लिहावीच लागणार नाहीत.