आलात तसे जा की!

कुठल्याही सॉफ्टवेअरची लायकी बघायची असेल तर ते इन्स्टॉल करून बघू नका, काढून बघा. येताना सगळेच गोड असतात. हे भलंमोठं बटण, झकास चित्र, "फक्त दोन मिनिटं" वगैरे वगैरे. काढायला गेलात की खरे रंग दिसतात. आणि या बाबतीत गेम लाँचर नावाच्या जमातीइतकी निर्लज्ज जमात मी माझ्या आजवरच्या नोकरीत पाहिलेली नाही. (प्रिंटरवाले जवळपास पोचतात, पण त्यांच्यावर पुन्हा कधीतरी.)

ज्यांचा या भानगडीशी संबंध आला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: पूर्वी गेम म्हणजे गेम असायची. सीडी घाला, खेळा, कंटाळा आला की काढून टाका. आता गेमच्या आधी तिचा दुकानदार घरात येतो. गेम विकत घ्यायला, उतरवायला, चालू करायला, अपडेट करायला एक वेगळा प्रोग्रॅम लागतो, तो म्हणजे लाँचर. स्टीमचा एक, एपिकचा एक, युबिसॉफ्टचा एक, इएचा एक, रॉकस्टारचा एक. बरं, एकावर भागतं म्हणाल तर तेही नाही. मे २०२० मध्ये, ऐन लॉकडाऊनमध्ये, एपिकने जीटीए फाइव्ह आठवडाभर फुकट वाटली होती. इतकी झुंबड उडाली की त्यांची साइटच आडवी झाली. ती एक गेम चालवायला आधी एपिकचा लाँचर लागायचा आणि त्याच्या आत रॉकस्टारचा. नवरीबरोबर करवली यावी तसं. गेम काढली म्हणून करवली जात नाही हे पुष्कळांना महिन्यांनी कळलं.

आता तुम्ही म्हणाल, डिस्कवर एखादा प्रोग्रॅम पडून राहिला तर बिघडलं काय? माझ्या हिंजवडीतल्या सहकाऱ्यांचंही हेच म्हणणं असतं. त्यांच्या घरी फायबर आहे, टेराबाइटच्या डिस्क आहेत. त्यांनी जरा आमच्या नगर जिल्ह्यात यावं. (२०२४ पासून कागदोपत्री अहिल्यानगर. बोलताना जीभ अजून नगरवरच जाते.) राहुरी तालुक्यात माझी मावशी राहते. घरात एक सेकंडहँड लॅपटॉप, चार जीबी रॅम, इंटरनेट म्हणजे मोबाइलचा हॉटस्पॉट आणि रोजचा दीड जीबी डेटा. सीईटीचे फॉर्म चालू होते तेव्हा मी शनिवारी तिकडे गेलो होतो. मावसबहीण सकाळपासून फॉर्म भरायच्या खटपटीत, आणि साडेअकरालाच दिवसाचा डेटा खल्लास. मावशी तिच्यावर करवादलेली, "सारखी व्हिडिओ बघत बसती!" पोरगी रडकुंडीला आलेली. बघतो तर काय, धाकट्याने दिवाळीच्या सुट्टीत कुठलीशी गेम टाकली होती, चालेना म्हणून काढूनही टाकली होती. तिचा लाँचर मात्र मागे ठाण मांडून बसलेला आणि गुपचूप स्वतःचं अपडेट उतरवत होता. पोरगं बिचारं शपथेवर सांगत होतं, "दादा, मी काढलीय रे गेम. आईशप्पथ!" आणि ते खरंच बोलत होतं.

विंडोजला सांगता येतं की बाबा, हे कनेक्शन मोजून-मापून वापरायचंय. विंडोज आपल्यापुरतं ते बऱ्यापैकी पाळतं. पण दुसऱ्या कंपनीच्या प्रोग्रॅमने ते पाळलंच पाहिजे अशी सक्ती नाही.

मग तो लाँचर काढायला बसलो. नाव घेत नाही, कारण थोड्याफार फरकाने सगळे तसेच. आधी एक रडका चेहरा आला, "आम्हाला सोडून का जाताय?" कारण निवडल्याशिवाय पुढचं बटण उमटेना. मग म्हणे, "प्रोग्रॅम चालू आहे, आधी बंद करा." पडद्यावर काही चालू नव्हतं. घड्याळाशेजारच्या बारक्या चिन्हांमध्ये लपला होता, तिथून बंद केला. तरी तेच. टास्क मॅनेजरमधून मारला तर पाच सेकंदांत परत जिवंत, कारण त्याची एक सर्व्हिस मागे बसून त्याला उठवत होती. सर्व्हिस थांबवली तेव्हा कुठे गडी निघाला. निघाला म्हणजे यादीतून नाव गेलं. प्रोग्रॅमडेटा फोल्डरमध्ये साडेसहा जीबी तसेच, आणि टास्क शेड्युलरमध्ये दर लॉगिनला त्याच्या अपडेटरला हाक मारणारं एक काम तसंच. या सगळ्यात दुपारचे दोन वाजले. बहिणीने फॉर्म शेवटी राहुरीच्या सेवा केंद्रात जाऊन, रांगेत उभं राहून, पैसे देऊन भरला.

शेतकऱ्याला हा प्रकार समजावून सांगावा लागत नाही. लव्हाळा वरून खुरपला की रान स्वच्छ दिसतं, पण जमिनीतल्या गाठी शाबूत असतात. पाणी दिलं की आठवड्यात हिरवंगार. मावसोबांना मी एवढंच सांगितलं, "लव्हाळा झालाय." ते म्हणाले, "मग खणून काढ."

हे असं का होतं, याचं उत्तर मजेशीर आहे. बहुतेकांना वाटतं की आपण अनइन्स्टॉल दाबलं की विंडोज तो प्रोग्रॅम काढतं. छे हो! नेहमीच्या डेस्कटॉप प्रोग्रॅमच्या बाबतीत विंडोजकडे फक्त एक नोंद असते, की याला काढायचं असेल तर अमुक फाइल चालवा. ती फाइल त्याच कंपनीने लिहिलेली. म्हणजे भाडेकरूला घराबाहेर काढायचं काम भाडेकरूकडेच! काय न्यायचं, काय मागे ठेवायचं, जाताना किती घोळ घालायचा, सगळं त्याच्या मर्जीवर. याहून बरी व्यवस्था करता येत नाही असंही नाही. तुमच्या फोनमध्ये अ‍ॅप काढते ती अँड्रॉइड, अ‍ॅपला कोणी विचारत नाही. लिनक्समध्ये पॅकेज मॅनेजरकडे प्रत्येक पॅकेजच्या फाइलींची यादी असते. मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या स्टोअरमधली नव्या पद्धतीची अ‍ॅप्सही सिस्टीमच काढते. पण सर्व्हिसेस आणि ड्रायव्हर घेऊन फिरणाऱ्या लाँचरवाल्यांना तो पिंजरा मानवत नाही.

आमच्या धंद्यातलं एक सत्यही सांगून टाकतो. इन्स्टॉलरवर डिझायनर बसतात, मॅनेजर बसतात, किती लोक कुठल्या पायरीवर गळाले याचे आलेख निघतात. अनइन्स्टॉलर मात्र टीममधल्या सगळ्यात नव्या पोराच्या गळ्यात, रिलीजच्या आदल्या आठवड्यात. जाणाऱ्या गिऱ्हाईकावर कोण वेळ घालवणार? मागे राहिलेला कचरा कंपनीच्या कुठल्याच आलेखात दिसत नाही. उलट अपडेटर जिवंत राहिला तर आकडे चांगलेच दिसतात.

आता याचे परिणाम नुसते जागेपुरते आहेत म्हणाल, तर जरा इतिहास बघा. २००५ साली सोनी बीएमजीने गाण्यांच्या सीडीतून लोकांच्या कंप्युटरवर एक कॉपी-संरक्षण सॉफ्टवेअर घुसवलं, जे स्वतःच्या फाइली विंडोजपासून लपवायचं. मार्क रुसिनोविच या गृहस्थाने ऑक्टोबर २००५ मध्ये ते उघडकीला आणलं. हाताने उपटायला गेलं तर सीडी ड्राइव्हच दिसेनासा व्हायचा. बोंबाबोंब झाल्यावर कंपनीने ते काढायचा प्रोग्रॅम दिला, आणि प्रिन्स्टनच्या संशोधकांनी दाखवून दिलं की त्या काढायच्या प्रोग्रॅमनेच कंप्युटरला नवं भगदाड पडतंय. आता बोला!

दुसरं टोकही आहे. जानेवारी २०१५ मध्ये लिनक्सवरच्या स्टीमची एक चूक गाजली होती. एकाने स्टीमचं फोल्डर दुसरीकडे हलवलं, आणि स्टीमची स्क्रिप्ट आपलं फोल्डर पुसायला गेली. फोल्डरचा पत्ता रिकामा निघाला, तर तिने त्याच्या हक्कातल्या सगळ्याच फाइली पुसायला घेतल्या, जोडलेल्या बॅकअपच्या ड्राइव्हसकट. त्या ओळीच्या वर लिहिणाऱ्याने स्वतःच "भीतीदायक!" अशा अर्थाचा शेरा मारून ठेवला होता. शेरा मारला, तपासणी नाही टाकली.

आणि अँटीचीट. म्हणजे खेळात लबाडी पकडणारा हवालदार. व्हॅलोरंट २०२० मध्ये आली तेव्हा तिचा व्हॅनगार्ड थेट विंडोजच्या गाभ्यात, कंप्युटर चालू होतानाच उठून बसायचा, तुम्ही गेम खेळा नाहीतर गाथा वाचा. तो गेमपासून वेगळा काढावा लागतो. ऑनलाइन लबाडी थांबवायला असं काहीतरी लागतं हे मला मान्य आहे, खेळणाऱ्या पोरांनाही ते हवंच असतं. पण मग गेम गेली की हवालदाराने आपण होऊन ड्युटी सोडावी ना? गेन्शिन इम्पॅक्टच्या अशाच एका ड्रायव्हरचं पुढे काय झालं ते वाचण्यासारखं आहे. ट्रेंड मायक्रोने ऑगस्ट २०२२ मध्ये दाखवलं की खंडणीखोर हॅकर तो अधिकृत सहीचा ड्रायव्हर, गेम नसलेल्या कंप्युटरवरसुद्धा, सोबत आणतात आणि त्याच्या जोरावर अँटीव्हायरस बंद पाडतात.

"पण गेम फुकट मिळाली ना?" हा युक्तिवाद मला नेहमी ऐकवला जातो. अहो, नेवासे तालुक्यातलं शिंगणापूर घरांना दारं-कुलपं न लावण्याबद्दल जगात प्रसिद्ध आहे. २०११ साली युको बँकेने तिथे शाखा काढली तीही बिनकुलपाची. दार नाही याचा अर्थ कोणीही यावं आणि माजघरात पथारी टाकावी असा तिथे कोणी घेत नाही. फुकट प्रसाद दिला म्हणून पुजारी घरी राहायला येत नाही.

केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने नोव्हेंबर २०२३ मध्ये 'डार्क पॅटर्न्स'वर मार्गदर्शक सूचना काढल्या. फसवणुकीचे १३ प्रकार त्यात नावानिशी आहेत. वर्गणी रद्द करणं मुद्दाम किचकट करणं त्यात आहे, सारखी भुणभुण लावणं आहे, नको ते करायला भाग पाडणं आहे. पण वर्गणीच नसलेला, फुकट आलेला आणि डिस्कवर चिकटून बसलेला प्रोग्रॅम? त्याचं नाव कुठे नाही. चौदावा प्रकार लिहायला हवा: जितक्या क्लिकमध्ये आलास तितक्याच क्लिकमध्ये जा, आणि येताना काय काय ठेवलंस त्याची यादी दे. माझी मागणी एवढीच आहे. यात अवघड असं काही नाही, मी त्याच धंद्यात आहे म्हणून सांगतो.

तोवर खणायचं आपल्यालाच. आपल्याकडचा आवडता उपाय म्हणजे दुकानात नेऊन "फॉरमॅट मार". पाचशे रुपये जातात, फोटो जातात, वर चोरीचं विंडोज येतं. आणि फॉरमॅटने सगळं जातंच असंही नाही. २०१५ मध्ये लेनोवोच्या काही लॅपटॉपच्या बायोसमध्येच असा तुकडा सापडला होता, जो नव्या विंडोजमध्येही कंपनीचं सॉफ्टवेअर परत आणायचा. असुसच्या बऱ्याच मदरबोर्डवर आर्मरी क्रेटही असाच, नवं विंडोज टाकलं की दारात हजर. तो बायोसमध्ये जाऊन बंद करावा लागतो.

त्यापेक्षा हे करा. गेममधली प्रगती ठेवायची असेल तर सेव्ह फाइलींची कॉपी आधी काढा. मग गेम काढा, लाँचरमधूनच. स्टीम काढलंत तर त्याच्या फोल्डरमधल्या सगळ्या गेम त्याच्याबरोबर जातात, हे ध्यानात ठेवा. मग लाँचर घड्याळाशेजारून बंद करा आणि सेटिंग्जमधल्या अ‍ॅप्सच्या यादीत जा. ती यादी तारखेनुसार लावा, ही माझी खास युक्ती. ज्या दिवशी लाँचर आला त्याच दिवशी आणखी कोण कोण आलं ते ओळीने दिसतं, करवल्या, हवालदार, सगळे. एकेक करून काढा. रिस्टार्ट करा. एखादा यादीतून हलेचना तर मायक्रोसॉफ्टचा इन्स्टॉल-अनइन्स्टॉलचा ट्रबलशूटर फुकट मिळतो.

त्यानंतर गाठी. मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून ऑटोरन्स नावाचा छोटा प्रोग्रॅम उतरवा. तो त्याच रुसिनोविचच्या सिसइंटर्नल्सचा आहे, २००६ मध्ये मायक्रोसॉफ्टने ती कंपनीच विकत घेतली. त्यात मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या नोंदी लपवायचा पर्याय निवडा. उरलेल्या यादीत सर्व्हिस, ड्रायव्हर, शेड्युल केलेली कामं, सगळं एका जागी दिसतं. ओळखीचं भूत सापडलं की आधी नुसती टिक काढा, दोन दिवस बघा, मग पुसा. शेवटी प्रोग्रॅम फाइल्स, प्रोग्रॅमडेटा आणि अ‍ॅपडेटा ही तीन फोल्डर बघा. शेवटची दोन लपलेली असतात, एक्स्प्लोररमध्ये लपलेल्या फाइली दाखवायला सांगा. रजिस्ट्रीत हात घालू नका आणि "रजिस्ट्री क्लीनर" नावाच्या कशालाही घरात घेऊ नका. चार नोंदी तिथे पडून राहिल्या तर काही अडत नाही, आणि ते क्लीनर काढायला परत हाच लेख वाचावा लागेल :-)

आणि हो, एवढं करूनही तुमचं खातं कंपनीच्या सर्व्हरवर तसंच असतं, ईमेल, फोन नंबर, सेव्ह केलेलं कार्ड यांच्यासकट. ते वेबसाइटवर जाऊन वेगळं बंद करावं लागतं. आधी कार्ड काढा, मग खातं. विकत घेतलेल्या गेम त्याच्याबरोबर कायमच्या जातात, तेव्हा पैसे मोजले असतील तर घरात एकदा विचारून घ्या.