सुटलेला माल, गेलेले वीर्य

करचुकवेगिरीस आळा बसलाच पाहिजे, याविषयी आमचे दुमत नाही. परंतु संशय म्हणजे पुरावा नव्हे. २०२० मध्ये हैदराबादेत रस्ता बंद असल्याने ई-वे बिलाची मुदत टळलेला कागदाचा माल अडविण्यात आला. कर व दंड भरल्यावरच तो सुटला. केवळ मुदत टळल्याने करचुकवेगिरी सिद्ध होत नाही, असे ठरवून तेलंगणा उच्च न्यायालयाने रक्कम सव्याज परत करण्याचा आदेश दिला. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो कायम केला.

पैसा परत मिळतो. औषधीचे वीर्य नाही. दोन महिन्यांनंतर चूर्ण हीनवीर्य होते, असे शार्ङ्गधरसंहिता सांगते. म्हणून अडविलेली औषधी योग्य हमी घेऊन तत्काळ सोडावी, अशी आमची मागणी आहे. वैद्यवर्गानेही ई-वे बिलाची मुदत संपण्याच्या आधी वा नंतर ८ तासांच्या आत ती वाढवून घेण्याची दक्षता बाळगावी.